नवग्रह : रूपे, कथा आणि त्यांचे अर्थ

देवदर्शनास आलेला भाविक गाभाऱ्यातून बाहेर पडून प्रदक्षिणेस निघाला की बहुधा एखाद्या बाजूस नवग्रहांची पीठिका त्याच्या दृष्टीस पडते. मुख्य देवतेपुढे प्रसन्न चित्ताने उभा राहिलेला माणूस येथे येताच किंचित बावरतो. कोणास कसले तेल वाहावे, कोणाकडे पाहू नये, आपल्या राशीस सध्या कोण 'लागला' आहे, अशा विचारांनी मन व्यापते. या नऊ मूर्तींची रूपे अशीच का, त्यांच्या कथांचा आकाशातील ज्योतींशी काय संबंध, याची थोडी माहिती असल्यास हे दर्शन अधिक डोळसपणे घडेल. त्या हेतूने हे विवेचन भाविकांपुढे ठेवले आहे.

'ग्रह' हा शब्द 'धरणे, पकडणे' या अर्थाच्या धातूपासून आला आहे. जो पकडतो तो ग्रह. आपल्या भाषेत याच धातूपासून बनलेले शब्द किती आहेत, ते पाहण्यासारखे आहे : आग्रह, संग्रह, विग्रह, पूर्वग्रह आणि अनुग्रह. पकड तीच, परंतु हट्टाची पकड म्हणजे आग्रह आणि कृपेने हात धरणे म्हणजे अनुग्रह. नवग्रहांच्या उपासनेत भाविक मागतो तो अनुग्रहच होय.

आधुनिक खगोलशास्त्रातील ग्रह आणि ही नऊ दैवते यांची गल्लत करू नये. आपल्या गणनेत सूर्य आणि चंद्र हेही ग्रह आहेत, पृथ्वी नाही. राहू व केतू तर डोळ्यांना दिसणारे गोलच नव्हेत. दुर्बिणीतून सापडलेले युरेनस (1781) व नेपच्यून (1846) यांना या पीठिकेवर स्थान नाही. 2006 मध्ये आंतरराष्ट्रीय खगोलशास्त्रीय संघाने प्लूटोला ग्रहांच्या यादीतून वगळले, त्याचाही नवग्रहांशी काही संबंध नाही. नुसत्या डोळ्यांनी आकाश न्याहाळणाऱ्या आपल्या पूर्वजांना स्थिर ताऱ्यांमधून जे जे चालताना आढळले, आणि ग्रहणाच्या वेळी जे सूर्यचंद्रांना धरते असे वाटले, त्या सर्वांची ही सभा आहे.

या सभेची मांडणीही ठरलेली असते. मध्यभागी सूर्य, पूर्वेस शुक्र, आग्नेयेस चंद्र, दक्षिणेस मंगळ, नैर्ऋत्येस राहू, पश्चिमेस शनी, वायव्येस केतू, उत्तरेस गुरू आणि ईशान्येस बुध. याज्ञवल्क्य स्मृतीच्या आचाराध्यायात ग्रहशांतीचे स्वतंत्र प्रकरण असून प्रत्येक ग्रहाची प्रतिमा कोणत्या द्रव्याची असावी हे त्यात सांगितले आहे. सूर्याची तांब्याची, चंद्राची स्फटिकाची, मंगळाची रक्तचंदनाची, बुध व गुरू यांची सोन्याची, शुक्राची रुप्याची, शनीची लोखंडाची, राहूची शिशाची आणि केतूची काशाची. ही यादी वाचताना आकाशच डोळ्यांपुढे येते. तांबूस मंगळास रक्तचंदन, शुभ्र तेजाच्या शुक्रास रुपे, मंद, फिकट शनीस लोखंड. द्रव्य निवडणाऱ्याने रात्रीचे आकाश मन लावून पाहिले होते यात शंका नाही.

सूर्य आणि चंद्र

सूर्याच्या रथास सात घोडे आणि एकच चाक. त्या चाकाचे बारा आरे म्हणजे वर्षाचे बारा महिने हा अर्थ बहुतेकांस ठाऊक असतो. सूर्याचा सारथी अरुण मांड्यांविना जन्मला, असे पुराण सांगते. सूर्योदयापूर्वीची लाली क्षितिजावर वर येते, पण तिचे खालचे अंग कधीच दिसत नाही, हे ज्याने पहाटे पाहिले आहे त्याला अरुणाचे व्यंग समजावून सांगावे लागत नाही.

चंद्राची कथा अधिक हृद्य आहे. दक्षाच्या सत्तावीस कन्या चंद्रास दिलेल्या. त्या म्हणजे सत्तावीस नक्षत्रे. चंद्र सुमारे सत्तावीस दिवस व आठ तासांत आकाशाची एक फेरी पूर्ण करतो, म्हणजे प्रत्येक पत्नीच्या घरी त्याचा मुक्काम साधारण एक दिवसाचा. परंतु त्याचे मन रोहिणीवर जडले. इतर कन्यांनी पित्याकडे गाऱ्हाणे नेले आणि दक्षाने चंद्रास क्षयाचा शाप दिला. चंद्र झिजू लागला. शेवटी प्रभासक्षेत्री शंकराची आराधना केल्यावर शापाची धार अर्धी झाली. पंधरा दिवस क्षय आणि पंधरा दिवस वृद्धी असा क्रम ठरला. सौराष्ट्रातील सोमनाथ हे ज्योतिर्लिंग या कथेचे स्थान होय.

येथे रोहिणीच का, असा प्रश्न पडतो. रोहिणी नक्षत्राचा तांबूस, तेजस्वी तारा चंद्राच्या वाटेच्या अगदी जवळ आहे. काही वर्षांच्या अंतराने असा काळ येतो की चंद्र दर फेरीत या ताऱ्यास झाकून पुढे जातो. खगोलशास्त्रात यास पिधान म्हणतात. 2015 ते 2018 या काळात अशी पिधाने ओळीने घडली. चंद्र रोहिणीच्या घरी शिरतो, हे कोणीतरी डोळ्यांनी पाहिले आणि मग ती कथा झाली, असे मानण्यास जागा आहे. ज्योतिषात चंद्रास मनाचा कारक म्हणतात. मनाचा पक्षपात आणि त्या पक्षपातातून येणारी झीज या कथेत किती नेमकी सांगितली आहे!

मंगळ : भूमीचा पुत्र

मंगळ दक्षिणेस बसतो. वर्ण लाल, वस्त्र लाल, वाहन मेंढा. त्यास अंगारक, म्हणजे निखारा, असेही नाव आहे. मंगळ सुमारे दोन वर्षे दोन महिन्यांनी एकदा पृथ्वीच्या बराच जवळ येतो, तेव्हा तो रात्रभर खरोखरच फुंकर घातलेल्या निखाऱ्यासारखा दिसतो. भौम व कुज ही त्याची इतर नावे. दोन्हींचा अर्थ भूमीपासून झालेला. शंकराच्या घामाचा थेंब भूमीवर पडला व त्यातून हा बालक जन्मला, अशी एक कथा आहे. उज्जयिनीचे मंगळनाथ हे त्याचे जन्मस्थान मानले जाते. आपल्याकडे जळगाव जिल्ह्यात अमळनेर येथे मंगळ ग्रहाचे प्रसिद्ध मंदिर आहे.

महाराष्ट्रातील घराघरांत मंगळाची जी कथा जगते ती गणेशपुराणातील. भरद्वाज ऋषींचा हा पुत्र पृथ्वीने सांभाळला. मोठा झाल्यावर त्याने गणेशाचे कठोर तप केले. गणेशाने चतुर्थीस दर्शन देऊन वर दिला की मंगळवारी येणारी संकष्टी तुझ्या नावाने, अंगारकी म्हणून, ओळखली जाईल. अंगारकीस गणेशमंदिरांपुढे पहाटेपासून ज्या रांगा लागतात, त्या या वरामुळे.

असे असता मुलीच्या पत्रिकेत 'मंगळ आहे' म्हटले की घरातील वातावरण पालटते. स्थळे परत जातात, मुलीचे वय वाढत राहते, आईबाप देवळोदेवळी फिरतात. नवग्रहांपुढे हात जोडून उभ्या असलेल्या अनेक कुटुंबांच्या मनात हीच व्यथा असते. तेव्हा या दोषाचे स्वरूप नीट पाहावे. लग्नापासून पहिल्या, चौथ्या, सातव्या, आठव्या व बाराव्या स्थानी मंगळ असेल तर पत्रिका मंगळाची, असा सामान्य नियम आहे. स्थाने एकूण बारा; त्यांपैकी ही पाच. साध्या हिशेबाने बारा पत्रिकांमागे पाच पत्रिका मंगळाच्या निघतात. हा योग इतका सर्वसाधारण असल्यामुळेच शास्त्रकारांनी त्यास अनेक अपवाद सांगून ठेवले : मंगळ स्वराशीत असता, उच्च राशीत असता, त्यावर गुरूची दृष्टी असता, दोन्ही पत्रिकांत मंगळ असता दोष मानू नये, इत्यादी. नियम तेवढा लक्षात ठेवून अपवाद विसरणे यास शास्त्र म्हणत नाहीत. त्यास वर आलेला दुसरा शब्द, पूर्वग्रह, अधिक शोभतो. ज्याच्या नावावरून मंगळसूत्र, मंगळागौर, मंगलकार्य हे शब्द आपल्या ओठी सहज येतात असे वाटते, त्याच नावाने एखाद्या कन्येचे मंगलकार्य अडावे, ही गोष्ट खेदाची आहे.

बुध, गुरू, शुक्र

बुध हा चंद्र व तारा यांचा पुत्र. तारा ही देवगुरू बृहस्पतीची पत्नी. चंद्राने तिचे हरण केले आणि त्यावरून देवासुरांत युद्ध पेटले. या वादातून जन्मलेला बुध बुद्धीचा व वाणीचा कारक झाला. आकाशात तो सूर्यापासून कधीच फार दूर जात नाही. संध्याकाळी किंवा पहाटे क्षणभर दिसतो. ज्याच्या संगतीत असेल त्याचे फळ देणारा, असे ज्योतिषी त्याचे वर्णन करतात. त्याविषयी एवढे पुरे.

गुरूचे महत्त्व मात्र यात्रेकरूंस विशेष आहे, कारण आपल्या अनेक यात्रा गुरूच्या घड्याळावर चालतात. गुरू एका राशीत सुमारे एक वर्ष राहतो व बारा वर्षांनी त्याच राशीत परततो. तो सिंह राशीत आला की नाशिक व त्र्यंबकेश्वर येथे सिंहस्थ पर्वणी येते. 2003 व 2015 ही अशी वर्षे होती. पुढील वर्षी तो कन्येत गेला की कृष्णाकाठी नृसिंहवाडीस कन्यागताचा पर्वकाळ. तो 2004 व 2016 मध्ये झाला. पूजेच्या संकल्पात आपण ज्या संवत्सराचे नाव घेतो, त्या प्रभवादी साठ संवत्सरांचे चक्रही गुरूच्या गतीवर रचलेले आहे. साठ वर्षांत गुरूच्या सुमारे पाच फेऱ्या होतात आणि शनीच्या सुमारे दोन. दोघे मोठे ग्रह पुन्हा जवळजवळ जन्मवेळच्या जागी येतात. साठीशांत साठाव्या वर्षीच का, याचा एक उलगडा येथे मिळतो.

शुक्र हा असुरांचा गुरू. मृतसंजीवनी विद्या त्याच्यापाशी. मेलेल्यास तो उठवतो. शंकराने त्यास गिळले व तो पुन्हा बाहेर आला, अशीही कथा आहे. मराठी माणूस ज्यास प्रेमाने 'शुक्राची चांदणी' म्हणतो ती ज्योत काही महिने सायंकाळी पश्चिमेस तळपते, मग सूर्याच्या तेजात बुडते, आणि काही काळाने पहाटे पूर्वेस पुन्हा उगवते. अस्त पावून परत येणाऱ्या या ग्रहाकडे संजीवनी विद्या असावी, हे समर्पकच आहे. त्याच्या अस्तकाळात विवाहादी कार्ये न करण्याची प्रथा आजही पंचांगे पाळतात. सौंदर्य, कला, दांपत्यसुख यांचा कारक असुरांचा गुरू असावा आणि तरीही पूज्य असावा, हे आपल्या परंपरेचे औदार्य लक्षात घेण्यासारखे आहे. नवग्रहांत शत्रूपक्षाचा आचार्यही त्याच आदराने बसतो.

राहू आणि केतू

समुद्रमंथनातून अमृत निघाले. मोहिनीरूप विष्णू देवांना ते वाढत असता एक असुर देवांच्या पंक्तीत येऊन बसला. सूर्य व चंद्र यांनी त्यास ओळखले. सुदर्शनाने त्याचे शिर उडाले, पण अमृताचा घोट कंठापर्यंत गेला होता. म्हणून शिर राहू व धड केतू होऊन अमर झाले. चहाडी करणाऱ्या सूर्यचंद्रांना ते अधूनमधून गिळतात, तेच ग्रहण. म्हणून मूर्तिकार राहूचे केवळ मोठे मुख घडवतात आणि केतूस सर्पाचे शेपूट देतात.

ही कथा आपल्या भूमीत रुजली आहे. अहिल्यानगर जिल्ह्यात प्रवरातीरी नेवासे येथे मोहिनीराजाचे मंदिर आहे. अमृतवाटप येथेच झाले, राहूचे शिर पडले ते राहुरी आणि काया पडली ते कायगाव, असे त्या परिसरातील लोक सांगतात. नेवाशास ज्ञानेश्वरीचे स्थान म्हणून जाणाऱ्या भाविकांनी मोहिनीराजाचेही दर्शन घ्यावे.

ग्रहणाचे खरे कारण आपल्या विद्वानांना ठाऊक नव्हते, असा समज असल्यास तो दूर करावा. आर्यभटाने इ.स. 499 च्या सुमारास आपल्या ग्रंथात स्पष्ट लिहिले आहे की सूर्यास चंद्र झाकतो आणि चंद्रास पृथ्वीची छाया झाकते. चंद्राची वाट सूर्याच्या वाटेस दोन ठिकाणी छेदते; ते दोन छेदनबिंदू म्हणजे राहू व केतू. ते नेहमी समोरासमोर असतात आणि उलट्या दिशेने सरकत सुमारे साडेअठरा वर्षांत फेरी पूर्ण करतात. एकाच देहाचे दोन भाग आकाशाच्या दोन टोकांस, हे कथेत आणि गणितात सारखेच आहे. ज्यास स्वतःचे शरीर नाही अशा छायेस ग्रहाचा मान दिला गेला. मनुष्याच्या जीवनातील जी भीती डोळ्यांना दिसत नाही, तिचे हे प्रतीक होय.

शनी : सावकाश चालणारा

पीठिकेवर शनी शेवटचा नाही. पण भाविकांच्या मनात त्याचे भय सर्वाधिक असल्याने त्याचा विचार शेवटी घेतला आहे.

'शनैश्चर' या नावाचा अर्थ एवढाच की जो हळूहळू चालतो. नुसत्या डोळ्यांना दिसणाऱ्या ग्रहांत त्याची गती सर्वांत मंद. एका राशीत तो सुमारे अडीच वर्षे रेंगाळतो व साडेएकोणतीस वर्षांनी फेरी पूर्ण करतो. मंद, पंगू ही त्याची विशेषणे या चालीवरूनच आली. आपले वारही या गतीच्या क्रमावर आधारलेले आहेत. सर्वांत मंद शनी, मग गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध व चंद्र अशा क्रमाने दिवसाच्या चोवीस होरा वाटल्या, तर शनिवारी पहिली होरा शनीची, पंचविसावी रवीची. म्हणून शनिवारानंतर रविवार. हाच हिशेब पुढे केला की सोमवार, मंगळवार आपोआप येतात.

सूर्याची पत्नी संज्ञा. पतीचे तेज सोसवेना म्हणून तिने आपली छाया मागे ठेवली व ती निघून गेली. त्या छायेचा पुत्र शनी. पित्याचे तेज आणि मातेचे सावळेपण यांच्यामध्ये वाढलेला हा मुलगा. यम हा त्याचा भाऊ व यमुना ही बहीण. ब्रह्मवैवर्त पुराणात असे सांगितले आहे की ध्यानात मग्न असल्याने शनीने पत्नीकडे पाहिले नाही, तेव्हा तिने 'ज्याच्याकडे पाहशील त्याचा नाश होईल' असा शाप दिला. तेव्हापासून तो मान खाली घालून असतो. पार्वतीने बाळ गणेशाकडे पाहण्याचा आग्रह केला तेव्हाही त्याने आधी नकारच दिला होता. कथेचा हा भाग फारसा सांगितला जात नाही. आपल्या दृष्टीने कोणास इजा होऊ नये म्हणून जो स्वतःची नजर आवरतो, त्यास दुष्ट कसे म्हणावे?

साडेसातीचे गणितही समजून घ्यावे. जन्मराशीच्या मागची रास, जन्मरास व पुढची रास अशा तीन राशींतून शनी जातो तो साडेसात वर्षांचा काळ म्हणजे साडेसाती. म्हणजे कोणत्याही दिवशी बारांपैकी तीन राशींस, मोजून चौथाई राशींस, साडेसाती असतेच. ज्यास पूर्ण आयुष्य लाभते त्यास ती दोनदा, तीनदा भोगावी लागते. गावातील प्रत्येक चौथ्या घरी जे आहे ते आपल्याच वाट्यास आले असे समजून खचणे योग्य नव्हे. आणि 'तुम्हाला एकट्याला मोठे संकट आहे, एवढा खर्च करा' असे सांगणाऱ्याच्या बोलण्यास घाईने मान देणेही योग्य नव्हे.

शनिमाहात्म्याच्या पोथीत उज्जयिनीच्या विक्रमराजाने शनीचा उपहास केला आणि त्यास साडेसाती आली. चित्रातील हंसाने हार गिळल्यामुळे चोरीचा आळ आला, हातपाय तोडले गेले, सम्राट तेल्याच्या घाण्यावर बसला. शनीस तेल का, याचा एक धागा या प्रसंगाशी जुळतो. सर्व गेल्यावर राजाच्या तोंडी गर्व राहिला नाही, गाणे राहिले. शनी प्रसन्न झाला तेव्हा विक्रमाने राज्य मागितले नाही. मी जे सोसले ते दुसऱ्या कोणास सोसावे लागू नये, एवढेच मागितले. पोथीचे पारायण करणाऱ्याने हा वर वाचताना क्षणभर थांबावे.

ज्या याज्ञवल्क्य स्मृतीने ग्रहशांती सांगितली, तिनेच दैवास व मनुष्याच्या प्रयत्नास रथाच्या दोन चाकांची उपमा देऊन एका चाकाने रथ चालत नाही असेही म्हटले आहे. तेव्हा आजारी माणसाने शांती करावी आणि औषधही घ्यावे. विद्यार्थ्याने बुधास नमस्कार करावा आणि अभ्यासही करावा.

दान व हविर्द्रव्ये

नवग्रहांच्या हवनात प्रत्येकाची समिधा वेगळी असते. सूर्यास रुई, चंद्रास पळस, मंगळास खैर, बुधास आघाडा, गुरूस पिंपळ, शुक्रास उंबर, शनीस शमी, राहूस दूर्वा व केतूस दर्भ. धान्ये अनुक्रमे गहू, तांदूळ, तूर, मूग, हरभरा, पावटे, तीळ, उडीद व कुळीथ अशी सामान्यतः वाहिली जातात. काही भागांत मंगळास तुरीऐवजी मसूर घेतात. यांत दुर्मीळ किंवा महाग असे काही नाही. नदीकाठचे गवत, बांधावरचे झाड आणि शेतकऱ्याच्या कणगीतले धान्य एवढ्यावर नवग्रह संतुष्ट होतात. मूर्तीवर भाराभर तेल ओतण्यापेक्षा थोडे तेल वाहून उरलेले दिव्यासाठी द्यावे, आणि नऊ धान्ये स्वच्छ निवडून, वेगवेगळी बांधून द्यावीत. एकत्र मिसळलेले धान्य अन्नछत्राच्या स्वयंपाकघरात निवडणे फार अवघड जाते.